बॉल खाली ठेवल्यावर पुढे काय? वाचकांचे प्रश्न, ताईंची उत्तरं

प्रश्न: ताई, मागच्या अंकात तुम्ही जाता जाता लिहिलं होतंत की अमेरिकेत एका कॉलेज बास्केटबॉल चॅम्पियनने पुढे गाड्या विकल्या आणि तिथूनच अख्ख्या सिस्टिमला कोर्टात खेचलं. कोण हा माणूस? पूर्ण सांगा ना. आणि खरं सांगू, नॅशनल चॅम्पियन माणसाला शोरूममध्ये उभं राहावं लागलं हे वाचून मला कसंतरीच झालं. मी एसवायला आहे, कॉलेजच्या बास्केटबॉल टीममध्ये पॉइंट गार्ड, म्हणजे बॉल हाताळून टीम चालवणारा, म्हणून खेळतो.
– एक वाचक, वाशी

उत्तर: एड ओबॅनन त्याचं नाव. लॉस एंजेलिसचा, उंच, डावखुरा, यूसीएलएचा म्हणजे तिथल्याच कॅलिफोर्निया युनिव्हर्सिटीचा, जर्सी नंबर 31. हे डावखुरा आणि 31 लक्षात ठेव, पुढे लागणार आहे.

कॉलेज सुरू व्हायच्या तोंडावर, 1990 मध्ये, साध्या मित्रामित्रांच्या गेममध्ये त्याचा गुडघा गेला. एसीएल, म्हणजे गुडघ्यातला मुख्य लिगामेंट. त्या काळी एसीएल गेलं म्हणजे घरच्यांनी समजून जायचं की संपलं आता, पण हा परत आला आणि शेवटच्या वर्षी, 1995 ला, यूसीएलएला चॅम्पियन करूनच बाहेर पडला. त्याआधीचं त्यांचं टायटल 1975 चं, जॉन वुडन कोच असतानाचं, म्हणजे मधे वीस वर्षं कोरडी. फायनल सिएटलला, समोर आर्कान्सॉ म्हणजे आदल्याच वर्षीचे चॅम्पियन, आणि तू पॉइंट गार्ड आहेस म्हणून मुद्दाम सांगते, यूसीएलएचा पॉइंट गार्ड टायस एडनी मनगट दुखावल्यामुळे सुरुवातीची काही मिनिटं खेळून बाहेर बसला. हाच एडनी त्याच स्पर्धेत मिझुरीविरुद्ध 4.8 सेकंद उरलेले असताना टीम एका पॉइंटने मागे असताना बॉल घेऊन अख्खं कोर्ट पळत गेला होता आणि लेअप, म्हणजे रिंगच्या अगदी जवळून धावता धावता टाकलेला शॉट, टाकून मॅच काढली होती. तो नाही म्हणल्यावर कुणालाही वाटलं असतं की गेलं. पण त्याच्या जागी कॅमेरॉन डॉलर आला, त्याने टीम चालवली, आणि ओबॅननने 30 पॉइंट, 17 रिबाउंड (हुकलेल्या शॉटनंतर बॉल पकडणं) काढले. 89-78. फायनलला 17 रिबाउंड म्हणजे काय ते तू खेळतोस म्हणून तुला कळेल, बाकीच्यांनी नुसता आकडा वाचा.

मग एनबीए, तिकडची मोठी प्रोफेशनल लीग. ड्राफ्टमध्ये, म्हणजे टीम नवे खेळाडू निवडतात त्यात, नवव्या नंबरला न्यू जर्सी नेट्सने घेतला. आणि तिथे काही जमलं नाही. दोन सीझन, मधेच डॅलसला पाठवला, आणि संपलं. कारणं बरीच सांगतात लोक, तो गुडघा, आणि मधल्या साइजचा असणं, म्हणजे मोठ्यांपुढे लहान आणि लहानांपुढे स्लो. मग इटली, स्पेन, ग्रीस, पोलंड, अर्जेंटिना असं खेळत फिरला आणि बत्तिशीत बूट काढून ठेवले. मग लास वेगासजवळ बायकोपोरांसोबत राहायला लागला आणि गाड्यांच्या शोरूममध्ये नोकरी धरली.

आता तुझं ते कसंतरीच होणं. माझं मत विचारशील तर त्यात वाईट काहीच नाही. बत्तीस वर्षांचा माणूस, घर आहे, पोरं आहेत, महिन्याला पैसे लागतात, चांगली नोकरी मिळाली, केली. मधल्या काळात यूसीएलएला परत जाऊन राहिलेली डिग्रीही पूर्ण केली, हे तर मला त्या 17 रिबाउंडपेक्षा भारी वाटतं. आपल्याकडे दादर स्टेशनला काळा कोट घालून तिकीट तपासणारा माणूस एकेकाळी महाराष्ट्राकडून नॅशनल्स खेळलेला असतो आणि त्याच्या गल्लीत त्याला केवढा मान असतो, मग तिकडच्याने गाडी विकली तर तो पडला असं का वाटावं आपल्याला? टीव्हीवर दिसलेला माणूस आयुष्यभर टीव्हीवरच दिसला पाहिजे असा आपला हट्ट असतो, त्याचा नसतो.

खरी गोष्ट पुढेच आहे. एकदा तो मित्राच्या घरी गेला, तिथे मित्राचा मुलगा व्हिडिओ गेम खेळत होता, कॉलेज बास्केटबॉलची. स्क्रीनवर 1995 ची यूसीएलएची टीम. त्यात एक प्लेअर, टक्कल केलेला, उंची तीच, रंग तोच, डाव्या हाताने शॉट मारतोय, पाठीवर 31. नाव नाही. नाव सोडून बाकी सगळा हाच. आधी त्याला गंमत वाटली म्हणे, कुणालाही वाटेल. मग तो मित्र हसत म्हणाला की या गेमचे पैसे आम्ही मोजले आणि तुला त्यातलं काहीच मिळालं नाही. तिथे कुठेतरी त्याचं डोकं फिरलं.

तिकडची व्यवस्था थोडक्यात सांगते नाहीतर पुढचं कळणार नाही. कॉलेजचे खेळ एनसीएए नावाची संस्था चालवते. तेव्हा नियम असा होता की विद्यार्थी हा हौशी खेळाडू, त्याला फी आणि राहण्याखाण्याची स्कॉलरशिप मिळेल, पैसे नाही. ठीक आहे, ऐकायला छान. पण त्याच कॉलेज स्पर्धेचे टीव्हीचे हक्क 2010 मध्ये 14 वर्षांसाठी 1080 कोटी डॉलरला गेले. कोचला कोट्यवधी, कॉलेजला कोट्यवधी, जर्सी विकणाऱ्याला पैसे, गेम बनवणाऱ्याला पैसे, फक्त जो उडी मारतोय तो हौशी. आणि कॉलेज सोडून गेल्यावर, वर्षानुवर्षांनी, त्याचाच चेहरा विकला तरी तो हौशीच.

ओबॅननने 2009 मध्ये केस टाकली. गाड्या विकता विकता, हं. केस पाच वर्षांनी उभी राहिली, 2014 च्या जूनमध्ये, कॅलिफोर्नियात ओकलंडला, न्यायाधीश क्लॉडिया विल्कन. साक्षीला पहिला हाच. त्याने सांगितलं की कॉलेजात असताना आठवड्याचे 40 ते 45 तास बास्केटबॉलला जायचे आणि अभ्यासाला साधारण 12, मी विद्यार्थ्याच्या वेशातला खेळाडू होतो. त्याच वर्षी ऑगस्टमध्ये निकाल लागला की एनसीएएचे हे नियम मक्तेदारीविरोधी कायद्यात बसत नाहीत. पुढे वरच्या कोर्टाने निकालाचा थोडा भाग कापला पण मुख्य मुद्दा ठेवला. मग 2021 ला दुसऱ्या एका केसमध्ये सुप्रीम कोर्टाने नऊ विरुद्ध शून्य असं एनसीएएच्या विरोधात सांगितलं, आणि त्याच वर्षी 1 जुलैपासून तिकडच्या कॉलेज प्लेअरला स्वतःच्या नावावर, चेहऱ्यावर पैसे घ्यायची मोकळीक झाली. गेम बनवणाऱ्या कंपनीने कॉलेज गेम बंदच केल्या होत्या, त्यातली अमेरिकन फुटबॉलची 2024 ला परत आली ती प्रत्येक प्लेअरला 600 डॉलर देऊन. आणि 2025 ला तर एका मोठ्या समझोत्याने कॉलेजांना थेट खेळाडूंना पैसे द्यायला परवानगी मिळाली, पहिल्या वर्षी एका कॉलेजला 2 कोटी 5 लाख डॉलरपर्यंत. त्याच समझोत्यात जुन्या खेळाडूंना थकबाकी म्हणून 280 कोटी डॉलर आहेत, पण ते 2016 पासून पुढे खेळलेल्यांना. 1995 वाल्याला त्यातला एक पैसा नाही.

म्हणजे आज तिकडे एकोणीस वर्षांचं पोरगं कॉलेजात असतानाच घर घेतंय ते ज्याच्यामुळे, तो स्वतः मात्र पगारावर जगला. त्याला याचं वाईट वाटलं असेल का, तर असेलही. पण तू शोरूमचं वाईट वाटून घेऊ नकोस. आणि एसवायच्या केटी, म्हणजे राहिलेले विषय, असतील तर काढून टाक.


प्रश्न: माझी मुलगी टीवाय बीकॉमला आहे. युनिव्हर्सिटी टीमच्या ट्रायल्सना जायचं म्हणते. घरात यावरून रोज वाद, हे म्हणतात बास्केटबॉलने पोट भरत नाही, आता एमपीएससी किंवा बँकेच्या परीक्षांकडे बघ. तिला खेळातून नोकरी मिळू शकते का हो? की मी उगाच तिची बाजू घेतेय?
– एक आई, मुलुंड

उत्तर: अहो उगाच नाही घेत, पण अर्धीच घेताय. तिला ट्रायलला जाऊ द्या आणि मिस्टरांना सांगा की एमपीएससी आणि बास्केटबॉल ही भांडणातली दोन टोकं नाहीयेत, महाराष्ट्र सरकारच्या नोकऱ्यांत खेळाडूंना 5 टक्के आरक्षण आहे. फक्त ते कुणाला, हे नीट समजून घ्या, कारण इथेच बहुतेक पोरी चुकतात.

कॉलेज-कॉलेजच्या मॅचेस, ज्याला आपण इंटरकॉलेजिएट म्हणतो, ते जिंकून आलेलं सर्टिफिकेट भिंतीवर छान दिसतं, कोट्याला चालत नाही. मुलगी युनिव्हर्सिटीच्या टीममध्ये आली, वेस्ट झोन खेळली, तिथून ऑल इंडिया इंटरयुनिव्हर्सिटीला गेली आणि तिथे टीमने नंबर काढला, की त्या कागदाला वजन येतं. नाहीतर मग राज्याकडून नॅशनल्स. पद जितकं मोठं तितकी स्पर्धा मोठी लागते, क्लास वनला जे लागतं ते क्लार्कला लागत नाही. म्हणून युनिव्हर्सिटीची ट्रायल ही हौस नाही, ती पहिली पायरी आहे आणि ती टीवायलाच आहे, पुढे एमकॉमला नाव घातलं नाही तर दारच बंद.

दुसरं दार रेल्वे. पश्चिम रेल्वे चर्चगेटला, मध्य रेल्वे सीएसएमटीला, दोघांचीही स्पोर्ट्स कोट्याची भरती निघते, पण दर वर्षी बास्केटबॉलच्या जागा असतीलच असं नाही आणि मुलींच्या असतीलच असंही नाही, किती सेंटर, म्हणजे रिंगजवळ खेळणारे उंच खेळाडू, हवेत किती गार्ड हवेत ते त्यांच्या टीमच्या गरजेवर. आणि तिथे यश ताजं लागतं. पाच वर्षांपूर्वीचं मेडल घेऊन गेलात तर साहेब आदराने बघतील आणि परत देतील. मुलींच्या बास्केटबॉलमध्ये सीनियर नॅशनल्सला रेल्वेचीच वर्षानुवर्षं दादागिरी आहे, त्यामुळे देशातल्या चांगल्या पोरी तिथे असतात. चेन्नईची अनिता पॉलदुराई एकोणिसाव्या वर्षी भारताची कॅप्टन झाली, दक्षिण रेल्वेत नोकरी, आई झाल्यावर परत येऊन खेळली, 2021 ला पद्मश्री. बनारसची प्रशांती सिंग, 2019 ला पद्मश्री. आपल्या पुण्याची शिरीन लिमये भारताची कॅप्टन झाली. आहेत की नावं, फक्त ती क्रिकेटसारखी घरोघरी पोचत नाहीत.

आता कागदांचं. मी स्वतः याच रस्त्याने नोकरीला लागले आणि नंतर इतरांच्या फायली बघितल्या, म्हणून सांगते. सर्टिफिकेट हातात पडलं की तिथेच, बसमध्ये चढायच्या आधी, वाचायचं. नाव मार्कशीटवर आहे तसंच आहे ना, स्वप्नालीचं स्वप्नील झालेलं मी बघितलंय. स्पर्धेची तारीख आहे ना, नंबर कितवा आला ते लिहिलंय ना, सहीखाली सही करणाऱ्याचं नाव आणि पद आहे ना. सेक्रेटरी नंतर बदलतात, असोसिएशनमध्ये भांडणं होतात, दोन-दोन गट पडतात आणि मग तीन वर्षांनी पडताळणीला गेलात की कुणी विचारतं ही सही कुणाची, तेव्हा सांगणार काय? लॅमिनेट करू नका, लोक प्रेमाने करतात आणि मग मागचा शिक्का दिसत नाही. टीमच्या एंट्री फॉर्मची आणि स्कोअरशीटची झेरॉक्स मिळाली तर तीही ठेवा. स्पर्धा मान्यताप्राप्त संघटनेची होती ना हे आधी विचारायचं, टी-शर्ट छान मिळतो म्हणून नाही जायचं. आणि सरकारी नोकरीसाठी क्रीडा प्रमाणपत्राची पडताळणी करून घ्यावी लागते, ती क्रीडा खात्याकडून होते, वेळ लागतो, जाहिरात निघाल्यावर धावपळ करण्यापेक्षा आधीच जिल्हा क्रीडा अधिकाऱ्यांकडे चौकशी करून ठेवलेली बरी.

मिस्टरांचं म्हणणं अगदीच चूक आहे असं मी म्हणणार नाही. एका कॉलेज टीममध्ये बारा पोरी, त्यातल्या खेळावर नोकरीला लागणाऱ्या एखादी, कधी तीही नाही. बाकीच्या अकराजणी बँकेत, आयटीत, शाळेत, घरात. म्हणून बीकॉम नीट झालंच पाहिजे, याला पर्याय नाही. पण संध्याकाळी दोन तास प्रॅक्टिस केल्याने बीकॉम राहतं हे मला कुणी पटवून दाखवा, मोबाइल बाजूला ठेवला की ते दोन तास निघतात. परीक्षेच्या आणि मॅचच्या तारखा आदळल्या तर कॉलेजच्या जिमखान्याच्या सरांना आधी पत्र द्या, नंतर रडून उपयोग नसतो.


प्रश्न: हाय ताई, मी ठाण्याचा, बारावीला आहे, हाइट 6 फूट 3. एक एजंट म्हणतोय की अमेरिकेत बास्केटबॉलची फुल स्कॉलरशिप करून देतो, रजिस्ट्रेशनचे पैसे आधी भरा. करू का? एनबीएचं स्वप्न आहे.
– एक वाचक, ठाणे

उत्तर: आधी पैसे मागतोय ना, मग तिथेच थांब. स्कॉलरशिप एजंट देत नाही, तिकडच्या कॉलेजचा कोच देतो, तोही तुझा खेळ बघून. तुझ्या पूर्ण मॅचेसचे व्हिडिओ हवेत, फक्त डंकचे, म्हणजे उडी मारून रिंगमध्ये बॉल कोंबतानाचे, तुकडे कापून जोडलेले नको, डिफेन्समध्ये काय करतोस ते त्यांना बघायचं असतं. कोचचे ईमेल कॉलेजच्या वेबसाइटवर उघडे असतात, स्वतः लिही.

दुसरं, एनसीएएत तीन डिव्हिजन. डिव्हिजन थ्रीला खेळाची स्कॉलरशिप नसतेच, त्यामुळे कुणी थ्रीमध्ये फुल स्पोर्ट्स स्कॉलरशिप म्हणाला की समजून जा. वनला जायचं तर शाळेचे ठरावीक 16 विषय त्यांच्या यादीतले झालेले लागतात आणि त्यांच्या एलिजिबिलिटी सेंटरला नाव नोंदवावं लागतं, ते काम नववी-दहावीपासून सुरू होतं, बारावीच्या मार्चमध्ये नाही. तिकडच्या ज्युनियर कॉलेजचा, आपल्या अकरावी-बारावीच्या नव्हे, रस्ता असतो, दोन वर्षं तिथे खेळून मग मोठ्या कॉलेजला, तुझ्यासाठी तोच जास्त खरा दिसतोय. आणि वर मी ज्या पैशांबद्दल लिहिलं ते बघून हुरळून जाऊ नकोस, तू स्टुडंट व्हिसावर जाणार, त्यावर काम करून कमवायला कडक बंधनं आहेत, तिकडच्या पोरासारखी जाहिरात करून पैसे घेतलेस तर व्हिसाच्या भानगडीत अडकशील.

एनबीएचं म्हणशील तर ड्राफ्ट म्हणजे वर्षाला साधारण 60 नावं, तीही जगभरातून. डिव्हिजन वनला कॉलेजंच 350 च्या वर आहेत, गुणाकार तू कर. आपल्याकडून ड्राफ्ट झालेला पहिला सतनाम सिंग, पंजाबच्या बल्लो के गावचा, सात फूट दोन इंच, 2015 ला 52 व्या नंबरला डॅलस मॅव्हरिक्सने घेतला, चौदाव्या वर्षीच अमेरिकेला अकादमीत गेलेला. एनबीएची एकही मॅच खेळायला मिळाली नाही. पुढे डोपिंगची बंदी आली आणि आता तो तिकडे प्रोफेशनल रेसलिंग करतो. सात फूट दोन, लक्षात घे. तू सहा तीनचा गार्ड असशील तर तुला हँडल, म्हणजे बॉलवरचा ताबा, आणि शूटिंग इतकं हवं की बघणाऱ्याने हाइट विसरली पाहिजे.

जा जरूर, पण डिग्री कुठली घेणार हे आधी ठरव आणि खेळ त्याची फी भरतोय असं समज.


प्रश्न: वय 46, दादरला राहतो, कॉलेजला असताना रोज खेळायचो, आता पोट आलंय, डॉक्टरांनी चालायला सांगितलंय पण चालायचा कंटाळा येतो. परत बास्केटबॉल सुरू करू का? गुडघा मधूनमधून कुरकुरतो.
– एक वाचक

उत्तर: करा, पण पहिल्याच रविवारी एकोणीस वर्षांच्या पोरांबरोबर फुल कोर्ट नको. मन कॉलेजात असतं आणि पोटरी 46 ची असते, टाच आणि पोटरीमधली ती शीर याच वयात तुटते, मागून कुणी लाथ मारल्यासारखं वाटतं आणि वळून बघावं तर कुणीच नसतं. गुडघा कुरकुरतोय तर आधी ऑर्थोपेडिककडे दाखवून या. मग महिनाभर मांड्या आणि कंबर मजबूत करायचे व्यायाम, फिजिओला विचारून. मग नुसतं शूटिंग. मग थ्री ऑन थ्री, हाफ कोर्ट, त्यात पळणं निम्मं आणि मजा तीच. ऑलिंपिकलाही आता थ्री बाय थ्री आहे, टोकियोपासून, तेव्हा कमीपणा वाटून घेऊ नका.

मुंबईत अडचण जमिनीची आहे. आपली बरीचशी कोर्टं उघड्यावरची आणि सिमेंटची, गुडघ्याला ती मारतात आणि पावसाळ्यात चार महिने शेवाळ. 2019 च्या ऑक्टोबरमध्ये वरळीच्या डोममध्ये सॅक्रामेंटो किंग्ज आणि इंडियाना पेसर्स खेळले ना, भारतातल्या पहिल्या एनबीए मॅचेस, तेव्हा ते लाकडी कोर्ट बघून आमच्या पिढीतल्या बऱ्याच जणांनी आपापले गुडघे चोळले असतील. असो. जाडजूड सोलचे बूट घ्या, जुने कॉलेजचे काढू नका, त्यांचा डिंक गेलेला असतो. तुम्हाला माटुंगा जवळ, तिथे इंडियन जिमखान्याला बास्केटबॉलची जुनी परंपरा आहे, डॉन बॉस्कोच्या साव्हिओ कपला तर तुम्ही खेळलाही असाल, तिथले जुने लोक गाठा, बहुतेक प्रत्येक कोर्टाला सकाळची एक चाळिशीपार गँग असते.

आणि एखाद्या संध्याकाळी नागपाड्याला जा, खेळायला नाही, बघायला. मुंबईच्या बास्केटबॉलचा तो बालेकिल्ला. अब्बास मुंतसिर तिथलेच, भारताचे कॅप्टन, 1970 चा अर्जुन पुरस्कार. अरुंद गल्ल्या, घरं एवढीएवढी, आणि पोरांचे पास बघाल तर डोळे फिरतील. गंमत म्हणजे टाटा सामाजिक विज्ञान संस्था, आज देवनारला आहे ती, तीही 1936 मध्ये सुरू झाली ती इथल्याच नागपाडा नेबरहुड हाऊस या समाजसेवा केंद्रात. हे कुणाला सांगितलं तर पटत नाही.


प्रश्न: कॉलेजनंतर खेळायला जमत नाही पण कोर्ट सोडवत नाही. रेफरी होता येईल का? कोचिंग बरं की रेफरी?
– एक वाचक, डोंबिवली

उत्तर: दोन्हीला पोट भरायला दुसरी नोकरी हवी, हे आधी मान्य कर.

कोचिंगला कागद लागतो. शाळेत कायम नोकरी हवी तर बीपीएड, म्हणजे शारीरिक शिक्षणाची पदवी, आणि कोच म्हणून नाव करायचं तर पतियाळाच्या एनआयएसचा, म्हणजे राष्ट्रीय क्रीडा संस्थेचा, डिप्लोमा, सुट्टी कमी असेल तर त्यांचा सहा आठवड्यांचा सर्टिफिकेट कोर्स असतो. मुंबईत सोसायट्यांमध्ये, आंतरराष्ट्रीय बोर्डाच्या शाळांमध्ये संध्याकाळच्या बॅचेसना कोच लागतात, तिथे पैसे बरे मिळतात पण पालक फार. पोरगं तीन महिन्यांत डिस्ट्रिक्टला का गेलं नाही याचं उत्तर तुला द्यायचं असतं.

रेफरीला आधी असोसिएशनची लेखी आणि प्रॅक्टिकल परीक्षा, मग जिल्हा, राज्य, राष्ट्रीय असं वर. नियमांचं पुस्तक जितकं वाचशील तितकं कळेल की आपण कॉलेजात असताना निम्म्या वेळा रेफरीशी उगाच भांडलो. मी दोन्ही केलं आणि रेफरीवर टिकले. कारण सोपं आहे, चाळीस मिनिटं पळायला मिळतं आणि मॅच संपली की कुठलीच टीम आपली नसते, हरल्याचं घरी न्यावं लागत नाही. मानधन विचारू नकोस, लोकलचा पास आणि दोन वडापाव सुटतात कधीकधी. डोंबिवलीहून येणार असशील तर सकाळच्या मॅचेस घेत जा, संध्याकाळच्या मॅचेस हमखास लांबतात आणि शिट्टी गळ्यात घेऊन फास्ट लोकलमध्ये चढायचं म्हणजे तुला माहितीच आहे.